दिवाणी दाव्याचे मूल्यांकन आणि न्यायालय शुल्क : बागलाण तालुक्यातील मिळकतीच्या दाव्यांच्या संदर्भात

प्रस्तावना

दिवाणी न्यायालयात दावा दाखल करणाऱ्या व्यक्तीला आपली तक्रार मांडण्याआधी एका प्रश्नाचे उत्तर द्यावे लागते : या दाव्याची किंमत किती? हा प्रश्न वरवर हिशेबाचा वाटतो. प्रत्यक्षात त्याच्या उत्तरावर तीन गोष्टी अवलंबून असतात. पहिली, शासनाला किती शुल्क द्यावयाचे. दुसरी, दावा कोणत्या दर्जाच्या न्यायालयात चालावयाचा. आणि तिसरी, निकालाविरुद्ध अपील कोठे करावयाचे. वादपत्राच्या शेवटी येणारा 'दाव्याची आकारणी' हा चार-सहा ओळींचा परिच्छेद म्हणूनच औपचारिक समजता येत नाही. तो चुकला तर खरा हक्क असणारा मनुष्यही वर्ष-दोन वर्षे दाराबाहेरच अडकून पडू शकतो.

नाशिक जिल्ह्यातील बागलाण तालुका आणि त्याचे मुख्य ठिकाण सटाणा हा या विषयाच्या अभ्यासासाठी बोलका प्रदेश आहे. मोसम आणि आरम या नद्यांच्या खोऱ्यातील ही भूमी जुन्या फड बागायत पद्धतीसाठी आणि अलीकडच्या काळात डाळिंब, द्राक्ष व कांद्यासाठी ओळखली जाते. जमिनीचा सरकारी आकार काही रुपयांचा आणि तिची बाजारातील किंमत काही लाखांची, ही येथील वस्तुस्थिती आहे. या दोन आकड्यांमधील अंतरातच न्यायालय शुल्काच्या कायद्याचे मर्म आणि त्यातील पेच दडलेला आहे. दाव्याचे मूल्यांकन कोणत्या तत्त्वांवर होते, त्यात वाद कोठे उद्भवतात आणि सामान्य पक्षकाराच्या दृष्टीने त्याचा अर्थ काय, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

कायद्याची चौकट

भारतात न्यायालय शुल्काचा पहिला व्यापक कायदा १८७० साली झाला. राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतील राज्यसूचीच्या तिसऱ्या नोंदीनुसार सर्वोच्च न्यायालय वगळता अन्य न्यायालयांतील शुल्क हा राज्याचा विषय आहे. त्यामुळे तत्कालीन मुंबई राज्याने १९५९ चा अधिनियम क्रमांक ३६ संमत केला. 'मुंबई कोर्ट फी अधिनियम, १९५९' या नावाने तो वकीलवर्गात परिचित आहे. पुढे त्याच्या नावातील 'मुंबई'च्या जागी 'महाराष्ट्र' हा शब्द आला. महाराष्ट्रातील दिवाणी दाव्यांना आज हाच अधिनियम लागू आहे.

या अधिनियमाबरोबर आणखी दोन कायदे वाचावे लागतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम १ नुसार प्रत्येक वादपत्रात दाव्याच्या विषयवस्तूचे मूल्य अधिकारितेसाठी आणि न्यायालय शुल्कासाठी नमूद करणे बंधनकारक आहे. दुसरा कायदा १८८७ चा दावा मूल्यांकन अधिनियम. मूल्यानुसार शुल्क आकारल्या जाणाऱ्या दाव्यांत, काही प्रकार वगळता, शुल्कासाठीचे मूल्य आणि अधिकारितेसाठीचे मूल्य एकच असावे, असे तत्त्व त्याच्या कलम ८ मध्ये आहे. वगळलेल्या प्रकारांत, विशेषतः जमिनीच्या दाव्यांत, ही दोन मूल्ये भिन्न असू शकतात. वादपत्रात 'अधिकारक्षेत्रासाठी' आणि 'कोर्ट फीसाठी' असे दोन स्वतंत्र आकडे दिसतात, त्याचे कारण हे आहे.

संहितेच्या कलम १५ नुसार दावा तो चालविण्यास सक्षम असलेल्या सर्वांत खालच्या दर्जाच्या न्यायालयातच दाखल करावा लागतो. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांची आर्थिक अधिकारिता मर्यादित असते. त्यापुढील मूल्याचे दावे वरिष्ठ स्तर न्यायालयाकडे जातात. सटाण्यातील पक्षकाराने आपला दावा कोणापुढे न्यावयाचा, हेही शेवटी आकारणीच्या परिच्छेदावरून ठरते.

शुल्क कशावर आकारले जाते : मागितलेल्या दादेचे मूल्य

येथे एक मूलभूत भेद लक्षात घ्यावा लागतो. न्यायालय शुल्क मिळकतीवर आकारले जात नाही. मागितलेल्या दादेवर आकारले जाते. एकाच शेतजमिनीबाबत कोणी मालकी ठरवून मागेल, कोणी कब्जा मागेल, कोणी सरसनिरस मानाने वाटप मागेल, तर कोणी केवळ निरंतर मनाई हुकूम मागेल. जमीन तीच, पण चारही दाव्यांची आकारणी निरनिराळी होईल. आकारणीसाठी न्यायालय वादपत्रातील कथने आणि मागण्या पाहते, प्रतिवादीचा बचाव पाहत नाही. सत्तप्पा चेट्टियार विरुद्ध रामनाथन चेट्टियार या १९५८ च्या अहवालात प्रसिद्ध झालेल्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व स्पष्ट केले आहे. अर्थात वादपत्राचे बाह्य स्वरूप अंतिम नसते. कब्जाची मागणी मनाई हुकुमाच्या शब्दांत गुंडाळली असेल, तर न्यायालय तिचा खरा आशय पाहते.

१९५९ च्या अधिनियमातील कलम ६ हे आकारणीचे केंद्र आहे. त्यातील प्रमुख प्रकार पुढीलप्रमाणे सांगता येतील.

रकमेचा दावा : मागितलेली रक्कम हेच मूल्य. कांद्याच्या विक्रीचे थकलेले पैसे, हातउसनी रक्कम, नुकसानभरपाई अशा दाव्यांत अडचण सहसा येत नाही.

पोटगी आणि नियतकालिक देणी : पोटगीच्या दाव्यात एका वर्षाची मागितलेली रक्कम हे मूल्य, तर वर्षासनासारख्या अन्य नियतकालिक देण्यांत एका वर्षाच्या रकमेची दहापट. पोटगी मागणाऱ्या व्यक्तीवरील भार हलका ठेवण्याचा विधिमंडळाचा हेतू या भेदातून दिसतो.

मालकी वा हक्क ठरवून मिळण्याचा दावा : स्थावर वा जंगम मिळकतीतील मालकी, कुळहक्क इत्यादी ठरवून मागितल्यास कब्जाच्या दाव्याला लागणाऱ्या मूल्यानुसार शुल्काचा एक चतुर्थांश भाग. त्याबरोबर कब्जाखेरीज अन्य आनुषंगिक दाद मागितल्यास निम्मे, आणि कब्जाही मागितल्यास पूर्ण शुल्क. दादेची व्याप्ती वाढते तसे शुल्क पायरीपायरीने वाढते.

पैशांत मोल न करता येणारी दाद : विषयवस्तूचे पैशांत मोल करणे शक्य नसेल आणि कायद्यात अन्यत्र तरतूद नसेल, तर कलम ६, परिच्छेद चार, खंड 'जे' लागू होतो. त्यात विषयवस्तूचे मूल्य १,००० रुपये मानले जाते. मनाई हुकुमाचे पुष्कळ दावे याच खंडाखाली येतात. शुल्क अल्प असल्याने इतर प्रकारचे दावेही या खंडात बसविण्याचा मोह होतो, आणि बरेचसे वाद तेथेच जन्म घेतात.

कब्जाचा दावा : घर किंवा बाग असल्यास बाजारभाव, शेतजमीन असल्यास जमाबंदीच्या आकाराची कायद्याने ठरवून दिलेली पट. जमाबंदी तीस वर्षांपर्यंतच्या मुदतीची आहे की त्याहून दीर्घ वा कायमची, यावर ही पट अवलंबून असते.

वाटपाचा दावा : मागितलेल्या हिश्श्याचे मूल्य. मिळकतीत शेतीसाठी आकारणी झालेली जमीन असेल, तर तेवढ्या जमिनीचे मूल्य कब्जाच्या दाव्याच्या नियमानेच, म्हणजे आकाराच्या पटीत, काढावे असे स्पष्टीकरण कायद्यातच दिले आहे.

करारपूर्तीचा दावा : विक्रीच्या करारात ठरलेला मोबदला हे मूल्य.

आकार आणि बाजारभाव : एक उदाहरण

या नियमांचा परिणाम उदाहरणाने अधिक स्पष्ट होतो. समजा, बागलाण तालुक्यातील एका कुटुंबात दोन भाऊ आणि एक विवाहित बहीण आहे. वडील हयात नाहीत. सातबारा उताऱ्यावर चार हेक्टर जमिनीचा आकार १२ रुपये आहे. सटाणा शहरात एक घर आहे. त्याचा बाजारभाव ३० लाख रुपये. बहीण एक तृतीयांश हिश्श्याचे वाटप मागते.

जमिनीसाठी आकाराची पट केवळ हिशेबासाठी दोनशे धरली, तरी संपूर्ण जमिनीचे मूल्य २,४०० रुपये होते आणि बहिणीच्या हिश्श्याचे ८०० रुपये. घरातील तिच्या हिश्श्याचे मूल्य मात्र १० लाख रुपये होते. प्रत्यक्षात चार हेक्टर जमिनीची बाजारातील किंमत घराहून कितीतरी अधिक असू शकते. तरीही शुल्काचा जवळजवळ सर्व भार घराच्या हिश्श्यामुळे येतो. बहिणीने केवळ शेतजमिनीचे वाटप मागितले असते, तर शुल्क नाममात्र राहिले असते. परंतु एकत्र कुटुंबाच्या काही मिळकती वगळून अंशतः वाटप मागणे सामान्यतः आक्षेपार्ह ठरते. म्हणजे शुल्क वाचविण्यासाठी घर वगळण्याचा मार्ग तिला सहजासहजी खुला नाही.

शेतजमिनीला ही सवलत का, असा प्रश्न येथे उपस्थित होतो. सरकारी आकार हा जमिनीच्या प्रतवारीवर आधारलेला, शासनाने स्वतः ठरविलेला आणि अभिलेखात नोंदलेला आकडा आहे. त्यामुळे मूल्यांकनाचा वाद टळतो आणि शेतकऱ्याला न्यायालयाचे दार परवडते. आकार दशकानुदशके स्थिर राहिल्याने ही सवलत काळाच्या ओघात अधिकाधिक मोठी होत गेली. मात्र ती शेतीसाठी आकारणी झालेल्या जमिनीपुरतीच आहे. जमीन बिगरशेती झाली, भूखंड पडले, की बाजारभावाचा नियम लागतो. शहरालगतच्या जमिनींच्या दाव्यांत सातबाराच्या उताऱ्याबरोबर बिगरशेती आदेश झाला आहे की नाही, हे पाहणे म्हणूनच अगत्याचे ठरते.

बागलाणसारख्या तालुक्यात आणखी एक सूक्ष्म प्रश्न उद्भवू शकतो. कब्जाच्या तरतुदीत 'घर किंवा बाग' एका बाजूला आणि 'जमीन' दुसऱ्या बाजूला आहे. मग डाळिंबाची वा द्राक्षांची लागवड असलेले क्षेत्र 'बाग' समजून त्याला बाजारभाव लावावयाचा काय? बोलीभाषेत शेतकरी 'डाळिंबाची बाग' असेच म्हणतो. महसुली परिभाषेतील 'बागायत' हा शब्द मात्र पाण्याखालील शेतीचा वर्ग दर्शवितो. अधिनियमातील 'बाग' या शब्दाशी त्याचे समीकरण मांडता येत नाही. जमिनीची आकारणी शेतीसाठी असणे, वापर शेतीचाच असणे आणि पीक बदलताच जमिनीचे स्वरूप बदलत नसणे, या बाबी जमिनीचा नियम लागू होण्याच्या बाजूने आहेत. तथापि हा प्रत्येक दाव्यातील वस्तुस्थितीचा प्रश्न असल्याने वादपत्रात क्षेत्राचे वर्णन 'बाग' असे सैलपणे न करता गट क्रमांक, क्षेत्र आणि आकार यांसह करणे श्रेयस्कर ठरते.

खरेदीखताला आव्हान

वरील उदाहरणात दावा दाखल होण्यापूर्वी एका भावाने जमिनीचा काही भाग तिऱ्हाईताला विकला असेल, तर गुंतागुंत वाढते. बहीण त्या खरेदीखताची पक्षकार नाही. सुहृद सिंग विरुद्ध रणधीर सिंग या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली एक उपयुक्त भेद केला. दस्त करून देणाऱ्याला तो टाळावयाचा असेल, तर त्याने दस्त रद्द करून मागावा लागतो. ज्याने दस्त करून दिलेलाच नाही, त्याने तो आपल्यावर बंधनकारक नसल्याचे ठरवून मागावे. दोहोंच्या शुल्काचा पायाही वेगळा. तो निर्णय १८७० च्या अधिनियमाच्या तरतुदींवर आधारलेला होता. महाराष्ट्राच्या अधिनियमात विक्री वा विक्रीचा करार शून्य असल्याचे ठरवून मागण्यासाठी स्वतंत्र खंड आहे आणि त्याखाली मिळकतीच्या मूल्यावरील शुल्काच्या निम्मे शुल्क लागते. त्यामुळे बाहेरील राज्यातून आलेल्या प्रकरणातील निर्णय येथे लागू करताना मूळ तरतुदीचे शब्द ताडून पाहणे आवश्यक असते. दस्त शून्य ठरवून मागणे खरोखर गरजेचे आहे की केवळ आपल्या हिश्श्यापुरता तो बंधनकारक नाही एवढे म्हणणे पुरेसे आहे, हा निर्णय वादपत्र लिहितानाच घ्यावा लागतो.

हिंदू वारसा कायद्यातील बदलांमुळे हा विषय अधिक महत्त्वाचा झाला आहे. महाराष्ट्राने १९९४ साली आणि संसदेने २००५ साली मुलींना सहदायकीत स्थान दिले. विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या २०२० च्या निर्णयाने मुलीचा हा हक्क जन्मसिद्ध असल्याचे आणि २००५ साली वडील हयात असणे आवश्यक नसल्याचे स्पष्ट केले. हक्क विस्तारला, परंतु तो बजावण्याचा मार्ग आकारणीच्या परिच्छेदातूनच जातो.

मूल्यांकन चुकल्यास

मूल्य कमी दाखविले गेल्यास दावा तत्काळ नष्ट होत नाही. संहितेच्या आदेश ७ नियम ११ नुसार न्यायालयाने प्रथम मूल्य दुरुस्त करण्यास वा कमी पडलेले शुल्क भरण्यास मुदत द्यावयाची असते. मुदतीत पूर्तता न झाल्यासच वादपत्र नामंजूर होते. कलम १४९ नुसार न्यायालय शुल्क नंतर भरण्याची परवानगी देऊ शकते, आणि ते भरल्यावर दस्तऐवज मूळ तारखेपासून वैध समजला जातो. मुदतीच्या कायद्याच्या दृष्टीने ही तरतूद फार मोलाची आहे. मूल्य दुरुस्त झाल्याने दावा त्या न्यायालयाच्या अधिकारितेबाहेर गेला, तर वादपत्र योग्य न्यायालयात दाखल करण्यासाठी परत दिले जाते. मूल्याबाबत शंका असल्यास १९५९ च्या अधिनियमाच्या कलम ८ नुसार न्यायालय स्वतः चौकशी करू शकते.

प्रतिवादीने या मुद्द्याचा किती लाभ घ्यावा, यालाही मर्यादा आहे. रत्नवर्मराजा विरुद्ध विमला या १९६१ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, शुल्काचा प्रश्न मुख्यतः वादी आणि शासन यांच्यातील आहे. प्रतिवादीला दावा लांबविण्याचे ते हत्यार होता कामा नये. त्याचप्रमाणे किरण सिंग विरुद्ध चमन पासवान या १९५४ च्या निर्णयात, दावा मूल्यांकन अधिनियमाच्या कलम ११ चा आधार घेऊन, केवळ मूल्यांकन चुकले म्हणून हुकूमनामा रद्द होत नाही. त्यामुळे गुणवत्तेवरील निर्णयाला बाधा पोहोचल्याचे दाखवावे लागते, असे ठरले. तांत्रिक चुकीपेक्षा न्यायाला महत्त्व देण्याची ही दृष्टी आहे. तरीही व्यवहारात शुल्काचा प्राथमिक मुद्दा काढून, त्यावर वरच्या न्यायालयात जाऊन मूळ दावा रेंगाळत ठेवला जाऊ शकतो, आणि त्याची झळ कब्जा नसलेल्या पक्षालाच बसते.

शुल्क आणि न्यायाची उपलब्धता

न्यायासाठी किंमत मोजावी लागणे योग्य आहे काय, हा जुना प्रश्न आहे. विधी आयोगाने १९५८ च्या चौदाव्या अहवालात भरमसाट न्यायालय शुल्कावर टीका केली होती; २००४ च्या १८९ व्या अहवालात आयोगाने पुन्हा या रचनेचा विचार केला. अश्वत्थनारायण सेट्टी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ साली मूल्यानुसार शुल्काची पद्धत वैध ठरविली. मात्र महाराष्ट्रात दाव्यांना शुल्काची कमाल मर्यादा होती आणि मृत्युपत्राच्या प्रोबेटसारख्या अर्जांना ती नव्हती, हा भेद न्यायालयाने मान्य केला नाही.

ही कमाल मर्यादा पुढे वाढत गेली. जानेवारी २०१८ पासून ती तीन लाखांवरून दहा लाख रुपयांवर नेण्यात आली. परिशिष्टातील शुल्काचे प्रमाण मूल्य वाढते तसे टक्केवारीने घटत जाते आणि अखेरीस मर्यादेपाशी थांबते. म्हणजे कोट्यवधींच्या दाव्यापेक्षा दोन-चार लाखांच्या दाव्यावरील भार प्रमाणाने अधिक असतो. अर्थशास्त्राच्या परिभाषेत ही प्रतिगामी रचना आहे.

या भारावर उतारा म्हणून काही तरतुदी उपलब्ध आहेत. संहितेच्या आदेश ३३ नुसार निर्धन व्यक्तीला शुल्क न भरता दावा लावता येतो. कलम ४६ खालील १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेने महिलांना पोटगी, मालमत्ता, हिंसाचार आणि घटस्फोट यांविषयीच्या प्रकरणांत शुल्कमाफी दिली. २००० साली त्यातील मालमत्तेचे वाद वैवाहिक बाबींतून उद्भवलेले असावेत, अशी मर्यादा घालण्यात आली. त्यामुळे वडिलोपार्जित मिळकतीतील बहिणीच्या हिश्श्याचा दावा या माफीत बसतो, असे गृहीत धरता येत नाही. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार मात्र महिला, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आणि दिव्यांग यांना उत्पन्नाची अट न लावता कायदेविषयक साहाय्य मिळू शकते. तालुक्याच्या पश्चिम पट्ट्यातील आदिवासी कुटुंबांच्या दृष्टीने ही तरतूद विशेष महत्त्वाची आहे. लोकन्यायालयात तडजोड झाल्यास भरलेले शुल्क परत मिळते. मद्रास उच्च न्यायालयाशी संबंधित एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली, पक्षकारांनी न्यायालयाबाहेर आपसांत केलेल्या तडजोडीलाही शुल्कपरतीचा लाभ नाकारू नये, अशी उदार भूमिका घेतली.

काही वादांसाठी दिवाणी दाव्याची वाटच धरावी लागत नाही. शेताकडे जाणारा वहिवाटीचा रस्ता अडविणे किंवा पाण्याचा नैसर्गिक प्रवाह रोखणे अशा तक्रारी मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली, कारण घडल्यापासून सहा महिन्यांत, तहसीलदारांकडे नेता येतात. दुष्काळात रयतेसाठी सरकारी खजिना खुला करणाऱ्या यशवंतराव महाराजांना 'देवमामलेदार' म्हणून पूजणाऱ्या सटाण्यात मामलेदाराच्या न्यायदानाची ही परंपरा अपरिचित नाही.

समारोप

दाव्याचे मूल्यांकन म्हणजे मिळकतीचा भाव काढणे नव्हे. मागितलेल्या दादेला कायद्याने नेमून दिलेले मोल शोधणे होय. त्यासाठी प्रथम दाद निश्चित करावी, मग ती कलम ६ मधील कोणत्या खंडात बसते ते पाहावे, त्यानंतर सातबारा, मिळकत पत्रिका, करारपत्र यांसारख्या पुराव्यावरून आकडा काढावा आणि शेवटी अधिकारितेसाठीचे मूल्य स्वतंत्रपणे तपासावे. हा क्रम पाळल्यास बहुतेक आक्षेप टळतात.

शेतजमिनीला आकाराच्या पटीचा नियम लावून कायद्याने शेतकऱ्यासाठी न्यायालयाचा उंबरठा कमी ठेवला आहे. गावठाणातील घर, बिगरशेती भूखंड आणि विकली गेलेली जमीन यांच्याबाबत मात्र तो उंबरठा बराच उंच आहे, आणि हक्क असूनही ताबा नसलेल्या स्त्रियांना तो प्रथम ओलांडावा लागतो. उदाहरणातील बहिणीचा ८०० रुपयांचा आणि १० लाखांचा हिशेब हेच सांगतो. १९९४ च्या अधिसूचनेतील माफी वडिलोपार्जित मिळकतीतील मुलींच्या हिश्श्याला पुन्हा लागू करणे, हा त्यावरचा सरळ उपाय आहे. तोपर्यंत विधी साहाय्याच्या तरतुदींची माहिती गावोगाव पोहोचविणे महाविद्यालयांना आपल्या विस्तारकार्यातून सहज शक्य आहे.